ज्युलिया गेली आणि सोयरीक तुटली? रोमच्या बड्या घरांतली राजकीय लग्नं

पानगळ

बरेच दिवस हा विषय डोक्यात घोळतोय, आज लिहूनच टाकते.

सीझर आणि पॉम्पी यांची यादवी, रुबिकॉन नदी ओलांडणं वगैरे आपण सगळ्यांनी ऐकलेलं असतं. पण त्याआधी दहा वर्षं हे दोघं सासरा-जावई झाले होते, हे फारसं कुणी सांगत नाही. आणि जावई सासऱ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठा! पॉम्पीचा जन्म इ.स.पू. १०६ चा, सीझरचा १०० चा. इ.स.पू. ५९ मध्ये सीझर कॉन्सल झाला (वर्षभरासाठी निवडलेल्या दोन सर्वोच्च अधिकाऱ्यांपैकी एक) आणि त्याच वर्षी त्याने आपली एकुलती एक लेक ज्युलिया पॉम्पीला दिली. तिचं लग्न आधीच दुसरीकडे ठरलेलं होतं, सर्व्हिलियस कायपिओ नावाच्या माणसाशी, आणि ते थोड्याच दिवसांवर आलेलं होतं. ते मोडलं. आता कायपिओ चिडणार, म्हणून त्याची समजूत घालायला पॉम्पीने स्वतःची मुलगी त्याला देऊ केली, तिचंही आधीच रोमचा पूर्वीचा हुकूमशहा सुल्ला याच्या मुलाशी, फाउस्टसशी ठरलेलं होतं. (शेवटी ती फाउस्टसच्याच घरी गेली.) त्याच वर्षी सीझरने स्वतः कॅल्पुर्नियाशी लग्न केलं आणि पुढच्या वर्षी तिचा बाप पिसो कॉन्सल झाला. तेव्हा त्यांचा विरोधक केटो सिनेट-सभेत ओरडला होता की लग्नं लावून सत्तेची दलाली चालली आहे, बायकांच्या जोरावर हे एकमेकांना प्रांत आणि फौजा वाटून देतायत.

इथपर्यंत सगळा व्यवहार. पण पुढे जे झालं ते मला फार लागतं. पॉम्पी आणि ज्युलियाचं खरंच जमलं. वयात तीसेक वर्षांचं अंतर, तरी जमलं. प्राचीन चरित्रकार प्लुटार्क लिहितो की पॉम्पी राज्यकारभार सोडून बायकोबरोबर इटलीतल्या वाड्या-बागांतून हिंडत बसतो अशी लोकांची तक्रार होती. इ.स.पू. ५५ च्या निवडणुकीत मारामारी झाली, पॉम्पीच्या अंगावर रक्त उडालं, त्याने कपडे बदलायला ते घरी पाठवले. नोकर तो रक्ताने माखलेला टोगा घेऊन दारात आले, ज्युलिया गरोदर होती, तिने ते पाहिलं आणि जागीच कोसळली, आणि तिचा गर्भ पडला. पुढच्या वर्षी ती पुन्हा गरोदर राहिली आणि बाळंतपणात गेली. बाळही काही दिवसांत गेलं. पॉम्पीला तिला आल्बाच्या आपल्या वाडीत पुरायचं होतं, पण लोकांनी जबरदस्तीने तिला रोमच्या कॅम्पस मार्टियस या मैदानावर नेलं, कॉन्सल डोमिशियस विरोध करत होता तरी.

मला विचारायचंय ते हे: अर्ध्या जगावर राज्य करणाऱ्या दोन माणसांमधला करार एका पोरीच्या बाळंतपणावर टांगलेला कसा काय होता? रोममध्ये आजच्यासारखे पक्ष नव्हते, जाहीरनामे नव्हते. माझ्या मते नातं हाच तिथे पक्ष होता, आणि म्हणून या बायकांना राजकारणाच्या पुस्तकांत तळटीपेत टाकणं चूक आहे. तुम्हाला काय वाटतं?

अडकित्ता

धागा आवडला, पण मूळ मुद्दा मला पटत नाही.

ज्युलिया गेली इ.स.पू. ५४ मध्ये. युद्ध सुरू झालं जानेवारी ४९ मध्ये. मध्ये चार वर्षांच्या वर गेली! इ.स.पू. ५२ मध्ये पॉम्पी एकटा कॉन्सल असताना दहाही ट्रिब्यूननी (लोकांनी निवडलेल्या प्रतिनिधींनी) मिळून कायदा केला की सीझरला रोममध्ये न येता निवडणूक लढवता येईल, आणि त्याला पॉम्पीचा पाठिंबा होता. मेलेल्या मुलीमुळे ज्याचं मन फिरलं तो माणूस असं करेल का? खरा फरक पडला क्रॅससमुळे. सीझर, पॉम्पी आणि क्रॅसस अशी तिघांची युती होती, तिवईसारखी, क्रॅसस ५३ मध्ये पार्थियनांशी लढताना कॅऱ्हीला मेला आणि तिवईचा एक पाय गेला. मग उरलेल्या दोघांना एकमेकांशिवाय घाबरायला कुणी राहिलंच नाही.

लग्न हा शिक्का होता, करार नव्हे, असं माझं मत.

चिंचेचंझाड

मला वाचताना एकच अडचण येते, सगळ्या ज्युलियाच कशा? आणि पॉम्पीची मुलगी पॉम्पिया, सीझरची एक बायको पण पॉम्पिया?

पानगळ

@चिंचेचंझाड, मुलीला वेगळं नाव ठेवायची पद्धतच नव्हती तिकडे, बापाच्या कुळाचं नाव स्त्रीलिंगी करून लावायचे. ज्युलियस कुळातली ती ज्युलिया, कॉर्नेलियस कुळातली ती कॉर्नेलिया. दोन असल्या तर थोरली-धाकटी. लग्नानंतरही तेच नाव राहायचं. सीझरची पॉम्पिया सुल्लाची नात होती, पॉम्पीशी तिचा संबंध नाही.

@अडकित्ता, तारखा तुम्ही बरोबर सांगितल्या, पण मधली चार वर्षं रिकामी नव्हती ना. ज्युलिया गेल्यावर सीझरने लगेच दुसरी सोयरीक पुढे केली, आपल्या बहिणीची नात ऑक्टेव्हिया पॉम्पीला द्यायची, ती मार्सेलसची लग्नाची बायको असताना! आणि स्वतः पॉम्पीच्या मुलीशी लग्न करायचं. म्हणजे सीझरला ती गाठ किती गरजेची वाटत होती बघा. पॉम्पी नाही म्हणाला. आणि ५२ मध्ये त्याने लग्न केलं कॉर्नेलियाशी, मेटेलस स्किपिओच्या मुलीशी, जी क्रॅससच्या मुलाची, कॅऱ्हीला मेलेल्या पब्लियसची तरुण विधवा होती. शिकलेली, वीणेसारखं तंतुवाद्य वाजवणारी, भूमिती आणि तत्त्वज्ञान जाणणारी. लोक म्हणाले वयाने ही पॉम्पीच्या मुलाला शोभली असती.

आता या नव्या सासऱ्याचं बघा. त्याच्यावर लाचखोरीचा खटला होता, तर पॉम्पीने ३६० पंचांना घरी बोलावून त्यांची विनवणी केली, खटला बारगळला. मग त्याच वर्षी जावयाने सासऱ्याला सोबतचा कॉन्सल करून घेतलं. आणि जानेवारी ४९ मध्ये, सीझरने अमुक तारखेपर्यंत फौज मोडावी नाहीतर तो राज्याचा शत्रू धरला जाईल, हा ठराव सभेत मांडला कुणी? ह्याच मेटेलस स्किपिओने. एक सासरा गेला, दुसरा आला, आणि दुसऱ्याने पहिल्याविरुद्ध ठराव मांडला. हा नुसता शिक्का कसा म्हणणार?

अडकित्ता

तो ठराव स्किपिओचा होता हे माझ्या ध्यानात नव्हतं. मुद्दा घेतला. तरी क्रॅससचं वजन मी कमी करणार नाही.

निळीशाई

मी वकिली करते, कौटुंबिक प्रकरणंच जास्त, त्यामुळे मला यातली कायद्याची बाजू सांगावीशी वाटते, कारण ती कळली की मूळ प्रश्नाचं उत्तर मिळतं असं मला वाटतं.

आपल्याकडे मुलगी दिली की ती सासरची झाली, असं धरून आपण हे वाचतो. तिथे तसं नव्हतं. जुन्या रोमन रीतीत बायको नवऱ्याच्या 'हाती' जायची, म्हणजे कायद्याने सासरची व्हायची, पण सीझरच्या काळापर्यंत ती रीत बरीच मागे पडली होती. मुलगी नवऱ्याच्या घरात राहायची पण कायद्याने बापाच्याच ताब्यात, वारसा बापाकडचा. बाप हयात आहे तोवर तो तिचं लग्न मोडूही शकायचा. काडीमोड घ्यायला कोर्ट नाही, नोंदणी नाही, निरोप पाठवला तरी चालायचा, "तुझ्या वस्तू तू घे" अशा अर्थाचं ठरलेलं वाक्य असायचं. हुंडा परत द्यावा लागायचा. मुलं मात्र बापाकडे राहायची.

आता हे सगळं एकत्र धरा. दोन घरांनी सोयरीक केली तर गाठ दोन्ही बाजूंनी कधीही सोडता येते. मुलगी परत, हुंडा परत, व्यवहार मिटला. एकच गोष्ट परत करता येत नाही, ती म्हणजे मूल. ज्युलियाचं बाळ जगलं असतं तर ते पॉम्पीचं रक्त आणि सीझरचं एकुलतं नातवंड असतं. तोपर्यंत सीझरला दुसरं अपत्य नव्हतं. दोन्ही घरांची सगळी माया आणि मालमत्ता एका पाळण्यात आली असती. पानगळ, तुम्ही विचारलंत ना बाळंतपणावर कसं टांगलं होतं, तर कायद्याने सगळं सुटंच ठेवलेलं होतं, म्हणून बाळंतपणावरच टांगलेलं होतं.

पानगळ

निळीशाई, हे इतकं नीट कधी कळलं नव्हतं मला. खूप आभार.

गोदाकाठ

ज्युलियाबद्दल सगळे लिहितात. मला पॉम्पीच्या पहिल्या दोन बायकांबद्दल लिहायचंय कारण त्यांची नावं कुणी घेत नाही.

पहिली अँटिस्टिया. इ.स.पू. ८६ मध्ये पॉम्पी विशीतला पोरगा, बापाने लाटलेल्या लुटीच्या मालावरून त्याच्यावर खटला, आणि न्यायाधीश अँटिस्टियस. न्यायाधीशाला पोरगा इतका आवडला की खटला चालू असताना त्याने गुपचूप आपली मुलगी देऊ केली. गुपचूप कसलं, सगळ्या गावाला माहीत! निकाल वाचला, निर्दोष, आणि जमलेले लोक एका सुरात "तलासिओ!" ओरडले, जे रोमन लोक लग्नात ओरडायचे. म्हणजे वरात कोर्टातच निघाली म्हणा.

आता पुढे. इ.स.पू. ८२ मध्ये सुल्ला रोमचा मालक झाला आणि त्याला पॉम्पी जावई म्हणून हवा होता. त्याची सावत्र मुलगी एमिलिया, तिचं लग्न झालेलं, ती पोटुशी. तिला नवऱ्यापासून सोडवली. इकडे पॉम्पीने अँटिस्टियाला घराबाहेर काढलं. तिचा बाप थोड्याच दिवसांपूर्वी सिनेट-सभेत मारला गेला होता, का, तर जावई पॉम्पी सुल्लाचा माणूस म्हणून हा पण सुल्लाचाच असणार! म्हणजे ज्या जावयापायी बाप मेला त्याच जावयाने मुलीला टाकली. तिच्या आईने हे पाहून जीव दिला. आणि एमिलिया? दुसऱ्याचं मूल पोटात घेऊन पॉम्पीच्या घरात आली आणि तिथेच बाळंतपणात मेली.

चार माणसं. मी हे वाचलं त्या रात्री मला नीट झोप आली नव्हती.

आणि ह्याच सुल्लाने अठरा वर्षांच्या सीझरलाही सांगितलं होतं बायको सोड म्हणून, कारण ती सिन्नाची मुलगी, शत्रूची. सीझर नाही म्हणाला. पुरोहितपद गेलं, बायकोचा हुंडा जप्त, वारसा गेला, हिवताप अंगात असताना रोज रात्री जागा बदलत लपत फिरला, पकडायला आलेल्यांना पैसे चारून सुटला. पण बायको सोडली नाही. त्या बायकोचीच ही ज्युलिया. हे मला विसरता येत नाही, की ज्याने बायकोसाठी सुल्लाला नकार दिला त्यानेच पुढे मुलीचं ठरलेलं लग्न मोडून तिला पॉम्पीला दिली.

केवडा

गोदाकाठ, अंगावर काटा आला.

पण ताई, बायका नुसत्या सोसणाऱ्या होत्या असं चित्र उभं राहू नये म्हणून एक गोष्ट सांगतो. प्रसिद्ध वक्ता सिसेरो याची मुलगी टुलिया. इ.स.पू. ५० मध्ये सिसेरो तिकडे सिलिशियात गव्हर्नर, आजच्या तुर्कस्तानात. रोममध्ये टुलियाचं तिसरं लग्न जमवायचं चाललेलं. सिसेरोला टायबेरियस नीरो नावाचा तरुण पसंत होता, त्याने तसा निरोप घेऊन विश्वासू माणसं रोमला पाठवली. ती पोचली तेव्हा इकडे टेरेन्शियाने आणि टुलियाने, आई-लेकीने, डोलाबेलाशी साखरपुडा उरकून टाकलेला! आणि तो डोलाबेला कोण, तर त्याच वेळी अप्पियस क्लॉडियसवर खटला चालवणारा, आणि सिसेरो त्या अप्पियसची मर्जी राखायला जिवाचं रान करत होता. सिसेरोने मित्राला, अटिकसला, लिहिलंय की मी इथे अप्पियसची बाजू उचलून धरतोय आणि अचानक त्याच्यावर खटला घालणाऱ्याचा सासरा झालोय. तरी शेवटी तो म्हणतोच की बायकांना मुलगा आवडलाय, वागायला गोड आहे.

पत्रं आहेत म्हणून हे आपल्याला दिसतं. बाकीच्या घरांतही आया आणि मावश्या बसून अशीच जुळणी करत असणार.

आता यातला धागा बघा, तो नाकारलेला टायबेरियस नीरो पुढे लिव्हियाचा (जी नंतर सम्राट ऑगस्टसची बायको झाली) पहिला नवरा झाला, आणि त्यांचा मुलगा म्हणजे सम्राट टायबेरियस.

टुलियाचं मात्र बरं झालं नाही. डोलाबेला कर्जबाजारी आणि बाहेरख्याली निघाला, हुंड्याचा पुढचा हप्ता द्यावा की काडीमोड घ्यावा या घोळात सिसेरोची कितीतरी पत्रं आहेत. इ.स.पू. ४६ मध्ये लग्न मोडलं, पुढच्या फेब्रुवारीत बाळंतपणानंतर ती गेली.

अडकित्ता

परत बाळंतपण.

केवडा

हो. ज्युलिया, एमिलिया, टुलिया. तिघीही.

सोनकी

केटोचं वर आलंय म्हणून विचारते, ज्याने लग्नांची दलाली म्हणून आरडाओरडा केला त्याच केटोने स्वतःची बायको मित्राला दिली होती ना?

पानगळ

हो, मार्सिया. हॉर्टेन्सियस हा मोठा वकील, त्याला केटोच्या घराशी नातं हवं होतं. त्याने आधी केटोची मुलगी मागितली, ती बिब्युलसची बायको, दोन मुलांची आई. केटो नाही म्हणाला. मग त्याने मार्सियाच मागितली, आणि केटो म्हणाला तिच्या बापाला विचारू. बापाने होकार दिला, केटो समोर उभा राहून मुलगी देईल या अटीवर. मार्सिया तेव्हा गरोदर होती. हॉर्टेन्सियस वारल्यावर ती पैसाअडका घेऊन परत केटोकडे आली, आणि सीझरने त्यावरून केटोवर पैशाच्या लोभाचा आरोप केला.

मार्सियाला स्वतःला काय वाटलं हे तिच्या काळातल्या कुणी लिहून ठेवलेलं दिसत नाही, याचा मला राग येतो.

केटोचा अजून एक नकार महत्त्वाचा आहे. पॉम्पी पूर्वेकडून परत आला तेव्हा त्याने केटोच्या घरात दोन मुली मागितल्या, एक स्वतःला, एक मुलाला. घरातल्या बायका खूश झाल्या. केटोने नाही सांगितलं, असल्या बायकांच्या वाटेने मला कुणी बांधू शकत नाही म्हणाला. प्लुटार्क म्हणतो की त्याने हो म्हटलं असतं तर पॉम्पी सीझरकडे गेलाच नसता. @अडकित्ता, हे तुमच्यासाठी, जुळलेल्या लग्नाइतकंच न जुळलेलं लग्नही धरायला हवं.

अडकित्ता

हे मान्य. पॉम्पीने पूर्वेकडून आल्यावर आपल्या तिसऱ्या बायकोला, मुसियाला सोडलं आणि तिचा सावत्र भाऊ मेटेलस केलेर विरोधात गेला, हेही त्याच खात्यात टाका. मी शिक्का म्हणालो ते मागे घेतो.

सोनकी

मग मी ऑक्टेव्हियाचं लिहिते. तीच, जी सीझर पॉम्पीला देणार होता. इ.स.पू. ४० मध्ये तिचा नवरा मार्सेलस वारला. त्याच वर्षी तिचा भाऊ ऑक्टेव्हियन (पुढचा सम्राट ऑगस्टस) आणि अँटनी यांच्यात ब्रुंडिसियम या इटलीतल्या बंदरात समेट झाला आणि तो पक्का करायला तिला अँटनीला दिली. विधवेला दहा महिने लग्न करता येत नसे, तर सिनेटने खास सूट दिली. ती सुतकातली बाई आहे हे सगळ्यांना ठाऊक होतं, पण दोन फौजा थांबायच्या होत्या.

आणि तिने त्या खरंच थांबवल्या. इ.स.पू. ३७ मध्ये दोघं पुन्हा भांडायच्या बेतात, ही गरोदर, भावाला भेटायला वाटेत गेली आणि म्हणाली तुमच्यात कोण जिंकेल कोण हरेल ते दैव जाणे, माझी मात्र दोन्हीकडून हारच आहे. टॅरेंटमला तह झाला, शिवाय तिने स्वतःच्या शब्दावर नवऱ्याकडून भावाला २० हलकी जहाजं आणि भावाकडून नवऱ्याला १००० सैनिक मिळवून दिले. वकील, दूत, जामीन, तिन्ही कामं एका बाईने केली.

पुढे अँटनी क्लिओपात्राकडे राहिला. इ.स.पू. ३५ मध्ये ही त्याच्यासाठी सैनिक, कपडे, जनावरं घेऊन अथेन्सला पोचली तर त्याचं पत्र, तिथेच थांब. भाऊ म्हणाला त्याचं घर सोड, तिने सोडलं नाही. अँटनीच्या घरात राहून त्याची मुलं सांभाळली, आधीच्या बायकोपासूनची, फुल्वियापासूनची सुद्धा. इ.स.पू. ३२ मध्ये त्याने माणसं पाठवून तिला घराबाहेर काढलं. आणि सगळं संपल्यावर, अँटनी-क्लिओपात्रा मेल्यावर, क्लिओपात्राची मुलंही हिनेच वाढवली.

तिच्या आणि अँटनीच्या दोन मुलींपासून पुढे कालिगुला, क्लॉडियस आणि नीरो, तीन सम्राट झाले. निळीशाई म्हणाल्या तसं, सगळं सुटलं, मूल तेवढं राहिलं.

गोदाकाठ

सोनकी, सुंदर लिहिलंत. व्हिप्सानियाबद्दल पण कुणीतरी लिहा ना.

केवडा

लिहितो. ऑगस्टसचा सेनापती अग्रिप्पा याची मुलगी, अटिकसची नात (सिसेरोचा मित्र तोच). जेमतेम वर्षाची असताना टायबेरियसशी ठरली. राजकारणासाठीच ठरवलेलं, पण मोठेपणी संसार सुखाचा झाला, एक मुलगा झाला, दुसऱ्यांदा दिवस गेले. तेवढ्यात इ.स.पू. १२ मध्ये अग्रिप्पा वारला आणि त्याची बायको, ऑगस्टसची मुलगी ज्युलिया (ही दुसरी), विधवा झाली. ऑगस्टसने टायबेरियसला सांगितलं व्हिप्सानियाला सोड आणि ज्युलियाशी लग्न कर. त्याने केलं. नंतर एकदाच त्याला व्हिप्सानिया दिसली तर डोळ्यांत पाणी आणून तो तिच्या मागे इतका बघत राहिला की पुन्हा ती नजरेस पडू नये याची व्यवस्था करावी लागली. स्वेटोनियसने हे लिहून ठेवलंय. तिने पुढे असिनियस गॅलसशी लग्न केलं, मुलंबाळं झाली. टायबेरियस सम्राट झाल्यावर त्या गॅलसला तीन वर्षं कैदेत ठेवलं, इ.स. ३३ मध्ये तो उपासमारीने मेला.

आणि ही दुसरी ज्युलिया, तिची तीन लग्नं बापाने लावली आणि इ.स.पू. २ मध्ये व्यभिचाराच्या आरोपावरून बापानेच तिला पँडाटेरिया बेटावर धाडली, जेमतेम दोन-तीन किलोमीटर लांबीचं बेट, दारू बंद, परवानगीशिवाय पुरुषाने जायचं नाही. तिची आई स्क्रिबोनिया आपणहून तिच्याबरोबर गेली. स्क्रिबोनियाला ऑगस्टसने ज्या दिवशी ज्युलिया जन्मली त्याच दिवशी सोडचिठ्ठी दिली होती.

निळीशाई

आणि मूल बापाकडे राहतं, म्हणून ती लेक स्क्रिबोनियाला मिळाली नाही. मिळाली ती बेटावर.

पानगळ

स्क्रिबोनियाचं हे वाचून मी बराच वेळ काही लिहू शकले नाही.

दोन वर्षांपूर्वी रोमला गेले होते तेव्हाचं सांगते. पॉम्पीच्या थिएटरचं वर काहीच उरलेलं नाही, पण व्हिया दी ग्रोत्ता पिंता नावाची गल्ली आहे, तिथली घरं कमानीसारखी वळत जातात, कारण ती थिएटरच्या बैठकींच्या जुन्या पायावर उभी आहेत. खाली दुकानं, वर वाळत घातलेले कपडे. हे सगळं जुन्या कॅम्पस मार्टियसवरच. थिएटर बांधलं इ.स.पू. ५५ मध्ये, म्हणजे ज्युलियाने ते पाहिलेलं असणार. आणि त्याच मैदानात कुठेतरी ती पुरलेली. तिची समाधी मी शोधत होते, तिचा आज मागमूस नाही.

याच थिएटरला जोडलेल्या सभागृहात, पॉम्पीच्या पुतळ्याच्या पायाशी, इ.स.पू. ४४ मध्ये सीझरला मारलं. मग त्याची चिता रचली कॅम्पस मार्टियसवर, मुद्दाम ज्युलियाच्या समाधीशेजारी. पण लोकांनी त्याला तिथवर जाऊच दिलं नाही, शहराच्या मुख्य चौकात, फोरममध्येच बाकं आणि खुर्च्या मोडून त्यांवर जाळलं. लेकीच्या शेजारी रचलेली ती चिता तशीच राहिली.

गोदाकाठ

त्या गल्लीचे फोटो असतील तर टाका ना पानगळ.

पानगळ

आहेत, जुन्या फोनमध्ये. शोधून टाकते उद्या.